हात गेला, म्हणून माणूस गेला काय?

9 एप्रिल 1945 रोजी इटलीतील सेनिओ नदीच्या काठी पाचव्या मराठा लाईट इन्फन्ट्रीच्या पहिल्या पलटणीतील नामदेव जाधव नावाच्या तरुण शिपायाने आपल्या दोन जखमी सोबत्यांस खोल पाण्यातून आणि सुरुंग पेरलेल्या काठावरून एकेक करून सुरक्षित जागी पोहोचविले. त्यानंतर तो शत्रूच्या मशीनगनच्या ठाण्यांवर एकटा चालून गेला. हातास जखम होऊन बंदूक चालविता येईना, तेव्हा त्याने हातबॉम्ब फेकून लढाई चालू ठेविली. ह्या पराक्रमाबद्दल त्यास व्हिक्टोरिया क्रॉस मिळाला. हा वीर आपल्याच नगर जिल्ह्यातील निमज गावचा. त्याने ठाणी कशी घेतली हे पुष्कळांस ठाऊक असते. परंतु ठाणी घेण्यापूर्वी त्याने जखमींस मागे टाकिले नाही, ह्या गोष्टीकडे लक्ष थोड्यांचेच जाते. आज जो प्रश्न आम्ही वाचकांपुढे मांडीत आहो, तो ह्या दुसऱ्या गोष्टीचा आहे.

लढाईत अपंग झालेल्या शिपायाचे पुढे काय करावयाचे, हा प्रश्न सरकारास पहिल्या महायुद्धाने विचारावयास लाविला. 1917 साली लेडी विलिंग्डन यांच्या पुढाकाराने मुंबईत क्वीन मेरी टेक्निकल संस्था निघाली आणि 1922 साली ती पुण्याजवळ खडकीस आली. अपंग जवानास नुसते वर्षासन देऊन घरी न पाठविता त्याच्या हाती एखादा धंदा द्यावा, हा तिचा हेतु. दुसऱ्या महायुद्धात, 1944 साली, पुण्यास कृत्रिम अवयव केंद्र उभे राहिले. पुढे त्याची दारे नागरिकांसही उघडली गेली. कमरेखालचे अंग लुळे पडलेल्या जवानांसाठी 1974 साली खडकीस निराळे पुनर्वसन केंद्र झाले. 1965 च्या युद्धात गोळ्या लागून अपंग झालेले सांगलीकडचे मुरलीकांत पेटकर यांनी 1972 साली हायडेलबर्ग येथील अपंगांच्या ऑलिंपिकमध्ये पोहण्याचे सुवर्णपदक मिळविले. सैनिकाची व्यवस्था निर्दोष आहे, असे आम्ही म्हणत नाही. अपंगत्वाच्या निवृत्तिवेतनासाठी न्यायाधिकरणाच्या पायऱ्या झिजविणारे जवान आजही आहेत. तथापि त्याच्यासाठी शिडी आहे. तिच्या काही पायऱ्या मोडक्या असतील इतकेच.

आता त्याच जिल्ह्यातील दुसऱ्या जखमीकडे वळू. आपल्या जिल्ह्याचा उत्तर भाग पाटपाण्याचा आणि साखर कारखान्यांचा. सहकारी साखर कारखानदारीचा पाया ह्याच प्रवराकाठी घातला गेला. पूर्वेकडील पाथर्डी-शेवगावचा भाग दुष्काळी. दिवाळी झाली की तेथून टोळ्या फडावर निघतात. नवराबायकोच्या जोडीस एक ‘कोयता’ म्हणतात, आणि मुकादम उचल देतो ती जोडीस. ऊस तोडताना कोयता निसटून बोट जाते. मोळी डोक्यावर घेऊन ट्रॉलीच्या फळीवर चढताना पाय घसरतो. रात्री-अपरात्री भरलेली ट्रॉली उलटते. हात एकाचा जातो, पण कोयता मोडतो दोघांचा. कारण जोडी फुटली की बाईच्या किंवा पुरुषाच्या एकट्या श्रमास फडावर पूर्ण मोल नाही. उचल मात्र फिटलेली नसते. ती पुढच्या हंगामावर चढते, आणि पुष्कळदा बापाच्या जागी पोर शाळा सोडून फडावर जाते. ज्या देशात शिपायाच्या जखमेस मान आहे, त्या देशात अन्न पिकविणाऱ्या व साखर करणाऱ्या हातांच्या जखमेस कर्ज का असावे?

कायदा नव्हता असेही नाही. कामगार नुकसानभरपाईचा कायदा 1923 साली झाला. त्याच्या परिशिष्टात एकेका अवयवाचा हिशेब आहे: अंगठा गेला तर कमाईची शक्ती शेकडा 30 गेली असे धरावे. पण अवयवाची किंमत धंद्यावाचून ठरत नाही. डावा हात कोपराच्या वर कापावा लागलेल्या एका सुताराच्या प्रकरणी सर्वोच्च न्यायालयाने 1975 साली स्पष्ट सांगितले की, एका हाताने सुतारकाम होत नाही. सबब त्याची कमाईची शक्ती पूर्णच गेली. हाच न्याय ऊसतोडणीस लावून पाहावा. एका मुठीत कोयता व दुसऱ्या मुठीत ऊस धरल्यावाचून तोडणी व्हावयाची कशी?

येथे कारखानदार म्हणतील की, ही माणसे आमची नव्हत, मुकादमाची. त्यांस आम्ही त्याच कायद्याचे बारावे कलम दाखवितो. आपल्या धंद्याचे काम कंत्राटदाराकडून करवून घेणाऱ्या मुख्य मालकाने भरपाई आधी द्यावी आणि मग ती कंत्राटदाराकडून वसूल करावी, असा त्याचा आशय. तो कायदा आता 2020 च्या सामाजिक सुरक्षा संहितेत सामावला असून ती संहिता 21 नोव्हेंबर 2025 पासून अमलात आली आहे. हे तत्त्व तिनेही सोडलेले नाही. ऊस तोडून आणविणे हा साखरेच्या धंद्याचा भाग नव्हे, असे कोणा शहाण्यास म्हणता येईल काय? नगरच्या औद्योगिक वसाहतीत ठेकेदारामार्फत यंत्रावर उभा राहणाऱ्या मजुरासही हीच गोष्ट लागू आहे.

परंतु भरपाईची रक्कम म्हणजे पुनर्वसन नव्हे. रक्कम उचलीत जाते आणि माणूस ओट्यावर बसून राहतो. पुनर्वसन म्हणजे अवयव, धंदा आणि मान ह्या तिन्ही गोष्टी परत येणे. जयपूरचे कारागीर रामचंद्र शर्मा व डॉ. प्रमोद करण सेठी यांनी 1960 नंतरच्या दशकात जो पाय घडविला, तो उकिडवे बसणाऱ्या, मांडी घालणाऱ्या व अनवाणी चिखलातून चालणाऱ्या माणसासाठी घडविला, म्हणूनच तो खेड्यांत चालला. धंदेशिक्षणही असेच आपल्या मातीतले हवे.

आमच्या सूचना थोड्या व साध्या आहेत. प्रत्येक कारखान्याने हंगामापूर्वी मुकादमाचेच नव्हे, तर प्रत्येक तोडणी मजुराचे नाव आपल्या वहीत लिहावे. ज्याचे नाव नाही, त्याची जखमही कोणी मोजीत नाही. अपघात झालेल्या कोयत्याची उचल पुढील हंगामावर चढवू नये. खडकीच्या धर्तीवर जिल्ह्यात एक कार्यशाळा व्हावी आणि तिच्या बाकावर माजी सैनिक व ऊसतोड मजूर शेजारी शेजारी बसावेत. यंत्रदुरुस्ती, शिवणकाम, हिशेब ह्या गोष्टी दोघांसही सारख्याच उपयोगी आहेत.

शेवटी दोन शब्द व्यापारी बंधूंस. 2016 च्या कायद्याने सरकारी नोकरीत दिव्यांगांस शेकडा 4 जागा राखिल्या. आपल्या पेढीवर तसे बंधन नाही. पण वजनकाट्यावर बसावयास, पावत्या फाडावयास, मालाची नोंद ठेवावयास दोन पाय लागत नाहीत. अशा माणसास दया म्हणून ठेवू नका. काम घ्या आणि पुरा पगार द्या. 7 डिसेंबरच्या ध्वजदिनी छातीस निशाण लावून पेटीत नाणे टाकणे चांगलेच. परंतु उरलेल्या 364 दिवसांचे काय? निमजच्या त्या शिपायाने जखमींस पाण्यातून पार नेले, तेव्हा त्यांपैकी कोण कामाचा उरेल हे पाहिले नव्हते. त्याच्या जिल्ह्याने निदान इतके तरी शिकावे.