बॉस, तो मी नव्हेच!

पुण्यात जॉब आणि गाव इंदापूर तालुक्यातलं निरवांगी, असं एखादं पब्लिक तुमच्याही ऑफिसात असेल. त्याच्या आजोबांना विचारा, एकाच माणसानं भराभर सोंगं बदललेली कधी पाहिलीत? त्यांना बहुरूपी आठवेल. पोलीस बनून दारात उभा राहणारा, वॉरंटचा दम देणारा आणि मग हसत पसाभर धान्य झोळीत घेऊन पुढच्या दाराला जाणारा!

पण बहुरूप्याला एक सोय होती. सोंग रंगवून मगच त्याला घराबाहेर पडता यायचं. प्रभाकर पणशीकरांना ती सोय नव्हती.

८ ऑक्टोबर १९६२ ला दिल्लीत आचार्य अत्र्यांचं ‘तो मी नव्हेच’ रंगमंचावर आलं. दिग्दर्शक मो. ग. रांगणेकर. माधव काझी या भामट्याच्या गाजलेल्या खटल्यावरून सुचलेलं हे कोर्टनाट्य. आरोपी लखोबा लोखंडे म्हणतो, मी निपाणीचा साधा तंबाखूचा व्यापारी, या बायकांना ओळखतही नाही. साक्षीदार बोलू लागतो, रंगमंच फिरतो आणि कोर्टाच्या जागी जुना प्रसंग उभा राहतो. तिथे मघाचा लखोबाच दिवाकर दातार असतो. कधी कॅप्टन परांजपे, कधी राधेश्याम महाराज, तर कधी दाजीशास्त्री. मग पुन्हा कोर्ट, पुन्हा लखोबा. पाच माणसं, नट एक. तेव्हा पणशीकर अवघे ३१ वर्षांचे होते.

आता जरा विंगेत डोकावू या. असा चेंज एकट्याचा नसतोच. अंधारात कपडेपटवाला पुढचा कोट उघडून तयार उभा लागतो, मिशी-टोपी ठरलेल्या जागीच हवी. बटणांऐवजी हूक, एकावर एक कपडे, अशा युक्त्या नटमंडळी पूर्वीपासून वापरत आली आहेत. एक चप्पल इकडची तिकडे झाली की संपलं! प्रेक्षकाला मात्र धाप ऐकू येता कामा नये.

इटलीचा लिओपोल्डो फ्रेगोली (१८६७–१९३६) याच कलेवर जगभर गाजला. इतका, की अनोळखी माणसांत वेशांतर केलेली एकच व्यक्ती दिसण्याच्या भ्रमाला १९२७ मध्ये मानसोपचारतज्ज्ञांनी त्याचं नाव दिलं. फ्रेगोलीची टाळी वेगाला होती. पणशीकरांचं काम त्याहून अवघड, असं आपलं मत. का? वेषांतर अगदीच बेमालूम झालं तर नाटकच बसलं! कोर्ट फसायला हवं, पण तिसऱ्या रांगेतल्या प्रेक्षकाला आतला भामटा सतत दिसायला हवा. म्हणून खरा बदल कपड्यांत नव्हताच. लखोबाच्या बोलण्यातला निपाणीकडचा कानडी हेल, बुवांची गोडगोड वाणी, कॅप्टनचा रुबाब, सगळं गळ्यात आणि चालीत होतं. वेदशास्त्रसंपन्न विष्णुशास्त्री पणशीकरांच्या घरात वाढलेल्या मुलाला दाजीशास्त्री कुठे शोधायला जावं लागलं नसणार, नाही का?

कपडे न बदलताही हे जमतं, हे पुढे लक्ष्मण देशपांडेंनी ‘वऱ्हाड निघालंय लंडनला’मध्ये एकट्यानं ५२ पात्रं उभी करून दाखवलं. आणि २००२ मध्ये ‘सही रे सही’त भरत जाधव चार भूमिकांसाठी आत-बाहेर पळू लागला, तेव्हा कॉलेजची पोरंही पुन्हा नाटकाच्या तिकिटाला रांगेत उभी राहिली.

आता याची किंमत. १९६३ मध्ये ‘नाट्यसंपदा’ उभी राहिली आणि पणशीकर निर्मातेही झाले. म्हणजे लखोबाही तेच आणि दौऱ्याचा हिशेबही त्यांचाच. ‘इथे ओशाळला मृत्यू’मधला त्यांचा औरंगजेब, ‘अश्रूंची झाली फुले’मधला प्राध्यापक विद्यानंद, दोन्ही कामं तोलामोलाची. पण गावोगावी लोकांना हवा असायचा लखोबा. प्रयोग अडीच हजारांच्या पुढे गेले. नट सत्तरी ओलांडतो, गुडघे कुरकुरतात, रंगमंच मात्र तेवढ्याच वेगानं फिरतो. आणि प्रेक्षकाला १९६२ चाच चपळ लखोबा हवा असतो.

गंमत बघा, आयुष्यभर ‘तो मी नव्हेच’ म्हणणाऱ्या या माणसानं आत्मचरित्राला नाव दिलं ‘तोच मी!’

१३ जानेवारी २०११ ला पुण्यात पणशीकर गेले. पुढे डॉ. गिरीश ओकांनी लखोबा उभा केला. पणशीकरांच्या प्रयोगाचं रेकॉर्डिंग मिळालं तर एखाद्या रविवारी जरूर लावा. लखोबा कोर्टात परत येतो ना, तेव्हा त्याच्या श्वासाकडे लक्ष ठेवा.