भिंत आणि कोठार

देवगिरीच्या किल्ल्यावर गाईड खंदक दाखवतात, अंधारी दाखवतात, तोफ दाखवतात. एक गोष्ट मात्र दाखवता येत नाही, सांगावीच लागते. १२९६ साली अल्लाउद्दीन खिलजी चालून आला आणि रामदेवराव यादवाने किल्ल्याचा आसरा घेतला. त्या धांदलीत धान्याची समजून पोती आत ओढून घेतली होती. वेढ्यात ती उघडली, तर मीठ निघालं. भिंत शाबूत राहिली आणि राजाला तह करावा लागला.

या किल्ल्याच्या पायथ्याचं दौलताबाद माझं आजोळ. लहानपणी ही गोष्ट इतक्यांदा ऐकली की तिचा कंटाळा आला होता. ती पुन्हा आठवायला लागली ती अलीकडे, आणि तीही कोंबडीच्या भावावरून. मामेभावाने गावाबाहेरच्या शेतात पोल्ट्रीचं शेड टाकलंय. त्याच्याकडे दर खेपेला गेलं की निघणारा विषय तोच असतो: भाव कुणी पाडला, खाद्य का वाढलं, पुढची बॅच कधी पडणार. या गप्पांतून चाळीसेक वर्षांचा हिशेब हळूहळू जुळत गेला.

ऐंशीच्या सुरुवातीला आजोळी कोंबडी म्हणजे घरचीच. संध्याकाळी डालग्याखाली कोंडायची, सकाळी सोडायची. तिला वेगळं खाणं लागायचं नाही. खळ्यावर सांडलेले दाणे, उकिरड्यातले किडे, ताटातलं उरलंसुरलं यावर ती जगायची. कापायची ती पाहुणा आला तर, नाहीतर आखाडात. मामी आम्हा पोरांना तिच्यामागे पिटाळायची आणि अर्धा तास गल्लीभर धावपळ चालायची. मानमोडीची साथ आली की आठवड्यात डालगी रिकामी व्हायची. हळहळ वाटायची, पण कर्ज होत नसे. कोंबडीत पैसा घातलेलाच नसायचा.

त्याच सुमाराला राज्याच्या दुसऱ्या टोकाला पैसा घातला जात होता. डॉ. बी. व्ही. राव यांनी १९७१ मध्ये सुरू केलेली व्यंकटेश्वरा हॅचरीज पुढे पुण्याची झाली. परदेशी वाणांच्या आजी-आजोबा पिढीचे पक्षी आणून त्यांची पिल्लं इथे तयार होऊ लागली. व्यापारी अंड्याचा भाव उत्पादन खर्चाच्याही खाली पाडत, त्यावर उपाय म्हणून राव यांनी देशभर बैठका घेतल्या आणि १९८२ मध्ये राष्ट्रीय अंडी समन्वय समिती उभी राहिली. अंड्याचा भाव अंडंवाल्यानेच जाहीर करायचा, ही त्या काळात मोठी गोष्ट होती.

मांसाच्या कोंबडीला तसा वाली मिळाला नाही, आणि त्याचं कारण कोंबडीतच आहे. अंडं काही दिवस थांबतं, शीतगृहात जातं. भरलेला पक्षी थांबत नाही. ठरल्या वजनाच्या पुढे त्याला एकेक दिवस ठेवला की तो खात राहतो, पण खाण्याच्या मानाने वजन चढत नाही. उन्हाळा असेल तर मरतुकही वाढते. आपल्याकडे कोंबडी अजूनही बहुतेक जिवंतच विकली जाते, गिऱ्हाईकासमोर कापून. त्यामुळे आज भाव पडला तर माल उद्यावर ढकलता येत नाही. हे ज्याला कळतं तो व्यापारी, आणि ज्याला भोगावं लागतं तो शेतकरी.

ब्रॉयलर गावात आली तेव्हा तिचं नावही नीट आलं नाही. आजही रस्त्यावरच्या दुकानात खडूने लिहिलेलं असतं ‘बॉयलर’, आणि खाली दुप्पट-अडीचपट भावाने ‘गावरान’. सुरुवातीला म्हातारी माणसं तिला नाक मुरडत. ‘कापूस खाल्ल्यासारखं लागतं,’ असं आजोबा म्हणायचे. पण ती स्वस्त होती आणि रोज मिळत होती. पूर्वी दीड किलोचा पक्षी व्हायला सात-आठ आठवडे लागत, आता पाच-साडेपाच आठवड्यांत दोन किलोच्या वर जातो. बकऱ्याचं मटण जसजसं परवडेनासं झालं, तसतशी रविवारच्या पिशवीतली जागा बॉयलरने घेतली. २०१९ च्या पशुगणनेत देशात कोंबडीवर्गीय पक्षी ८५ कोटींच्या वर भरले, महाराष्ट्रात सात कोटींच्या वर. २०२२-२३ मध्ये देशात सुमारे ९८ लाख टन मांस तयार झालं आणि त्यातलं निम्म्याहून किंचित जास्त कोंबडीचं होतं. आखाडातला पाहुणचार देशाचं रोजचं मांस बनला, तो एका पिढीत.

हे घडलं ते करारावर. तमिळनाडूतल्या उडुमलपेटच्या सुगुणा कंपनीने नव्वदच्या दशकात कंत्राटी पालनाची पद्धत रुजवली आणि पाहता पाहता ती महाराष्ट्रातही पसरली. पिल्लू कंपनीचं, खाद्य कंपनीचं, औषध कंपनीचं. शेड, तूस, वीज, पाणी आणि झोपमोड शेतकऱ्याची. मोबदला किलोवर ठरलेला. खाद्य कमी लागलं, मरतुक कमी झाली, तर थोडा वर.

मामेभावाच्या शेडवर एकदा ‘लिफ्टिंग’च्या रात्री थांबलो होतो. गाडी आली दीड वाजता. पक्ष्यांचं खाणं संध्याकाळीच उचललेलं होतं. दिवे मालवले की पाच हजार पक्षी एकदम गप्प होतात. ती शांतता जरा अंगावर येते. मग पकडणारी पोरं आत शिरली. एकेका हातात चार-पाच पक्षी, पायांना धरून उलटे, आणि खटाखट क्रेटमध्ये. बाहेर काटा, काट्यापाशी सुपरवायझर, त्याच्या बाजूला टॉर्च धरून माझा भाऊ. तो पक्ष्यांकडे बघतच नव्हता. नजर काट्यावरून वहीवर, वहीवरून काट्यावर. बाजारात त्या दिवशी काय भाव होता असं विचारलं, तर म्हणाला, ‘मला काय करायचंय? मला किलो मिळतात, भाव नाही मिळत.’

बाजारभावाची जोखीम नको म्हणून त्याने करार केला होता. पण जोखीम कुठे नाहीशी होत नसते. ती कुठून कशी आली, हाच या काळाचा खरा इतिहास आहे.

एक दार बंद करण्यात आपण यशस्वी झालो. १ एप्रिल २००१ रोजी आयातीवरचे उरलेसुरले परिमाणात्मक निर्बंध उठले आणि पोल्ट्रीवाल्यांच्या पोटात गोळा आला. अमेरिकेत लोक कोंबडीच्या छातीचं पांढरं मांस आवडीने खातात. तंगड्या उरतात आणि गोठवून कवडीमोलाने बाहेर पाठवल्या जातात. आपल्याकडे उलट. पंगतीत लेग पीसवरून रुसवे होतात. तिकडे जे नकोसं तेच इकडे सगळ्यात हवंसं, म्हटल्यावर तो माल उतरायला किती वेळ लागणार? त्यावर उपाय होता १०० टक्के आयात शुल्काचा. कोंबडीच्या तुकड्यांवर ही भिंत उभी राहिली आणि टिकली.

मग १८ फेब्रुवारी २००६. नवापूरच्या शेडांमधली मर बर्ड फ्लूची असल्याचं त्या दिवशी जाहीर झालं. देशातली ती पहिली नोंद. लाखो पक्षी मारून पुरले. पांढऱ्या अंगरख्यातली माणसं खड्ड्याशी उभी आहेत, हे चित्र प्रत्येक वर्तमानपत्राच्या पहिल्या पानावर होतं. मार्चमध्ये जळगाव जिल्ह्यातल्या गावांमध्येही रोग सापडला. नवापूर धुळ्याच्याही पलीकडे, पण दौलताबादच्या रस्त्यावरच्या दुकानाची फळी त्याच आठवड्यात बंद झाली. रेल्वेच्या जेवणातूनही कोंबडी उतरली. विषाणू जिथे पोचला नाही तिथे बातमी पोचली, आणि नुकसानीपुरती बातमीही पुरली.

या रोगाचं कारण पुढे करून भारताने २००७ मध्ये अमेरिकेसह रोगग्रस्त देशांच्या पोल्ट्री मालावर बंदी घातली. अमेरिकेने २०१२ मध्ये जागतिक व्यापार संघटनेत दाद मागितली. बंदीला शास्त्रीय आधार पुरेसा नाही, असा निकाल २०१४ मध्ये लागला आणि २०१५ मध्ये अपिलातही भारत हरला. तरी हा तंटा मिटायला सप्टेंबर २०२३ उजाडलं. त्या तडजोडीत गोठवलेल्या टर्की आणि बदकावरचं शुल्क उतरलं. तंगडीवरची भिंत होती तशीच राहिली. सोळा वर्षांच्या या भांडणाची खबर आमच्या गावच्या दुकानदाराला कधी लागली असेल असं वाटत नाही. त्याच्या दुकानात अमेरिकन तंगडी आली नाही, एवढाच त्याचा त्या प्रकरणाशी संबंध.

आपला माल बाहेर जाण्याची गोष्ट थोडक्यात संपते. २०२२-२३ मध्ये पोल्ट्री मालाची निर्यात हजार कोटी रुपयांच्या जराशी वर गेली. त्यातही भर अंड्यांचा, तोही मुख्यतः तमिळनाडूतल्या नामक्कलचा. मांसाच्या जागतिक बाजारात ब्राझील आणि अमेरिका गोठवलेल्या कोंबडीची जहाजं भरतात. आपण ताजी कापून, कलेजी-पोटा वेगळा बांधून, घरी नेतो. म्हणजे आपला बाजार आपल्याच जेवणावर चालतो. आखाडात चढतो, श्रावणात बसतो, गणपती-नवरात्र अर्धपोटी काढतो आणि थर्टी फर्स्टला उसळतो. शेडवाले बॅच टाकताना पंचांग बघतात ते उगाच नाही.

पण २०२० मध्ये पंचांगही कामाला आलं नाही. कोंबडी खाल्ल्याने कोरोना होतो, ही थाप फेब्रुवारीत मोबाईलवर फिरू लागली. होळीच्या सुमारास शेडवरचा भाव किलोला दहा रुपयांच्या आसपास आला. उत्पादन खर्च त्याच्या कितीतरी पट. कुणी पक्षी फुकट वाटले, कुणी जिवंत पुरले. सरकार, डॉक्टर, विद्यापीठं सांगत राहिली की यात काही तथ्य नाही, ऐकतो कोण? टाळेबंदीनंतर काही आठवड्यांतच उलटं झालं. शेडं रिकामी पडलेली, माल नाही, आणि भाव आभाळाला. जानेवारी २०२१ मध्ये परभणी जिल्ह्यातल्या मुरुंब्याला आठशेच्या वर कोंबड्या बर्ड फ्लूने मेल्या आणि आमच्या मराठवाड्यातच पुन्हा तेच अंगरखे, तेच खड्डे. पुढच्याच महिन्यात नवापूरलाही रोग परतला.

या सगळ्या बातमीच्या गोष्टी. बिनबोभाट घडली ती पोत्याची गोष्ट. कोंबडी वाढवण्याच्या खर्चात पासष्ट-सत्तर टक्के वाटा खाद्याचा, आणि त्या खाद्यात निम्म्याहून जास्त मका, उरलेल्यात मुख्य सोयाबीनची पेंड. डालग्यातली कोंबडी खळ्यावर जगायची. शेडातली कोंबडी मोंढ्यावर जगते. जुलै-ऑगस्ट २०२१ मध्ये लातूरला सोयाबीन क्विंटलला दहा हजारांच्या वर गेलं. पोल्ट्रीवाल्यांनी ओरड केली, केंद्राने १२ लाख टन जनुकीय बदल केलेल्या सोयाबीनच्या पेंडीच्या आयातीला परवानगी दिली, आणि नवं पीक बाजारात येईपर्यंत भाव निम्म्याजवळ आला. सोयाबीनवाला शिव्या घालत होता, पोल्ट्रीवाला सुटकेचा श्वास घेत होता, आणि मराठवाड्यात हे दोघं कित्येकदा एकाच घरात राहत होते.

मग इथेनॉल. २०२३ चा पाऊस कमी झाला, साखर कमी पडेल म्हणून डिसेंबरात उसाच्या रसापासून इथेनॉल करण्यावर निर्बंध आले आणि आसवनी प्रकल्पांनी मक्याकडे मोहरा वळवला. दिल्लीच्या फर्मानाने दौलताबादची उलथापालथ होणं या गावाला तुघलकापासून नवीन नाही. सिल्लोड, कन्नड, फुलंब्रीचा मका जो कोंबडीच्या पोटात जायचा, तो गाडीच्या टाकीत जाऊ लागला. मका निर्यात करणारा देश २०२४ मध्ये मका आणू लागला. मक्याच्या शेतकऱ्याला दोन वर्षं बरी गेली, तोवर २०२५ चं उदंड पीक आलं. हमीभाव २४०० रुपये आणि बाजारात त्याच्या बराच खाली.

मामेभावाचा चार एकर मका आहे आणि पाच हजार पक्ष्यांचं शेड. मका चढला तेव्हा शेतात चार पैसे आले, पण शेड दोन महिने रिकामं राहिलं. खाद्य महाग झाल्यावर कंपनीने पिल्लंच उशिरा टाकली. मका पडला तेव्हा बॅच वेळेवर आली आणि शेतातला माल घरात पडून राहिला. करारात खाद्याची जोखीम कंपनीची, असं लिहिलेलं आहे. रिकाम्या शेडाच्या कर्जाचा हप्ता कुणाचा, ते लिहिलेलं नाही.

परवा गेलो तेव्हा खाद्याची गाडी नुकतीच आली होती. परतीच्या पावसाने यंदा मका भिजला, आणि भिजल्या मक्यात बुरशी धरली की पक्षी वाढत नाहीत, मरतातही. हमाल पोती उतरवत होते, ड्रायव्हर पावतीवर सही मागत होता. भावाने त्याला थांबवलं. एका पोत्याची शिवण उसवली, मूठभर खाद्य तळहातावर घेतलं, चुरगाळलं, वास घेतला. मग दुसरं पोतं. मग तिसरं. ड्रायव्हर वैतागून समोर किल्ल्याकडे बघत उभा राहिला. सही त्यानंतर झाली.