लाल मातीचे आठवडे (भाग ७) : पोर्टशाखचे तीन मे महिने

मागच्या दोन भागांत आपण रोम आणि हॅम्बर्ग पाहिलं. २००० ते २००८ या काळात या दोन मोठ्या स्पर्धा संपल्या की रोलाँ गारोस सुरू व्हायला एकच आठवडा उरायचा. पहिल्या दहांतले बहुतेक खेळाडू त्या आठवड्यात घरी जायचे, नाहीतर थेट पॅरिस गाठून तिथल्या कोर्टांवर सराव करायचे. तरीही हा आठवडा रिकामा नसे. पॅरिसला जाण्याआधी चार-पाच खरे सामने अंगावर हवेत, असं वाटणारे खेळाडू पुष्कळ होते. त्यांच्यासाठी युरोपातल्या एखाद्या छोट्या गावात जाळी बांधली जायची. त्यातल्याच एका गावाची आणि तिथे तीनच वर्षं टिकलेल्या स्पर्धेची गोष्ट आजच्या भागात आहे.

ऑस्ट्रियाच्या दक्षिणेला कॅरिंथिया प्रांतात व्योर्थरसे नावाचा लांबट तलाव आहे. त्याच्या उत्तरेच्या काठावर पोर्टशाख हे गाव आहे. उन्हाळ्यात पोहायला, नावा चालवायला आणि हॉटेलांत राहायला येणाऱ्यांचं हे गाव. संगीताच्या अभ्यासकांना त्याचं नाव वेगळ्या कारणाने ठाऊक असतं. योहानेस ब्राम्सने १८७७ चा उन्हाळा इथे घालवला आणि आपली दुसरी सिंफनी बरीचशी इथेच लिहिली. या तलावाकाठी २००६ च्या मे महिन्यात पुरुषांची व्यावसायिक टेनिस स्पर्धा आली. नाव होतं ‘हिपो ग्रुप टेनिस इंटरनॅशनल’. सामने वेर्झर अरेनात, लाल मातीवर. नावात ना गाव, ना तलाव, ना देश. होती ती फक्त जवळच्या क्लागेनफुर्ट शहरातली बँक.

ही स्पर्धा शून्यातून उभी राहिली नव्हती. त्याआधी दहा-अकरा वर्षं हा आठवडा व्हिएन्नाजवळच्या सांक्ट पोल्टेन शहराकडे होता आणि तिथे स्पर्धेच्या नावात रायफायझेन ही दुसरी बँक होती. १९९५ मध्ये ऑस्ट्रियाचाच थॉमस मुस्टर तिथे जिंकला. त्या वर्षी मातीवर त्याला थांबवणं जवळजवळ अशक्य होतं. पॅरिसचं विजेतेपदही त्याचंच. पुढे मार्सेलो रिओस आणि अँडी रॉडिक यांनीही सांक्ट पोल्टेन जिंकलं. २००५ नंतर स्पर्धा तिथून उठली आणि दक्षिणेला तलावाकाठी आली. प्रेक्षक वेगळे, प्रायोजक वेगळा, कोर्ट वेगळं. बदलला नाही तो कॅलेंडरवरचा आठवडा.

या लेखमालेत हे पुन्हा पुन्हा येणार आहे, म्हणून इथे थोडं थांबू. टेनिसची स्पर्धा म्हटली की आपल्या डोळ्यांसमोर स्टेडियम येतं. एटीपी या पुरुष टेनिसच्या संघटनेच्या हिशेबात मात्र स्पर्धा म्हणजे एक हक्क असतो : अमुक आठवड्यात, अमुक दर्जाची स्पर्धा भरवण्याचा. हा हक्क एखाद्या कंपनीच्या, क्लबच्या किंवा व्यक्तीच्या मालकीचा असतो. तो विकता येतो, भाड्याने देता येतो आणि एटीपीची संमती असेल तर एका शहरातून दुसऱ्या शहरात, दुसऱ्या देशातही नेता येतो. हॉलंडमधल्या अॅमर्सफोर्टच्या स्पर्धेचा हक्क नोव्हाक जोकोविचच्या कुटुंबाने घेतला आणि २००९ मध्ये बेलग्रेडला स्पर्धा सुरू झाली. पहिल्याच वर्षी विजेता नोव्हाक स्वतः. घरच्या प्रेक्षकांसाठी तो केवढा सोहळा असेल! अॅमर्सफोर्टला मात्र त्यानंतर मोठे खेळाडू आले नाहीत.

हक्क हातात आला तरी स्पर्धा भरवायला पैसा लागतो. बक्षिसांची रक्कम, खेळाडूंची राहण्याची सोय, पंच आणि रेषापंच, कोर्टांची निगा, तात्पुरते स्टँड, दूरचित्रवाणीची व्यवस्था हे सगळं आलं. शिवाय ग्रँड स्लॅम आणि मास्टर्स दर्जाच्या स्पर्धांत नसलेला एक खर्च छोट्या स्पर्धांना असतो. इथे नामवंत खेळाडूला नुसतं येण्यासाठी मानधन देता येतं. पॅरिसच्या आदल्या आठवड्यात पहिल्या पाचांतला कुणी हवा असेल, तर त्याच्यासाठी पैसे मोजावे लागतात. छोट्या गावात तिकिटांच्या विक्रीतून एवढा खर्च निघणं कठीण. म्हणून मुख्य प्रायोजक शोधावा लागतो, आणि तो आपलं नाव सगळ्यांच्या आधी लावून घेतो.

पोर्टशाखला अशी रक्कम कुणाला किती मिळाली यात मला रस नाही. रस आहे तो तिथे खेळलेल्या टेनिसमध्ये. तिन्ही अंतिम सामने लक्षात ठेवावेत असे आहेत.

पहिल्या वर्षी, २००६ मध्ये, रशियाच्या निकोलाय डाव्हिडेन्कोने रुमानियाच्या आंद्रेई पावेलला ६-०, ६-३ असं हरवलं. त्याच्या आदल्या वर्षी सांक्ट पोल्टेनही डाव्हिडेन्कोनेच जिंकलं होतं. म्हणजे स्पर्धेने गाव बदललं तरी विजेता तोच राहिला. त्याच्याबद्दल मराठीत फार कमी लिहिलं गेलं आहे आणि याची मला खंत वाटते. अंगकाठी किरकोळ, सर्व्हिस बेताची, चेहऱ्यावर भाव नाहीत. पण चेंडू टप्पा पडून वर चढत असतानाच घेण्याची त्याची हातोटी विलक्षण होती. मातीवर चेंडू संथ होतो आणि उंच उसळतो, म्हणून बहुतेक जण बेसलाइनच्या बऱ्याच मागे उभे राहतात आणि चेंडू खाली येण्याची वाट पाहतात. डाव्हिडेन्को रेषेला चिकटून राहायचा. समोरच्याला श्वास घ्यायला मिळणारा तो अर्धा क्षण तो काढून घ्यायचा. मातीवर हार्डकोर्टचा वेग आणणारे खेळाडू त्या पिढीत मोजकेच होते. २००६ च्या अखेरीस तो जागतिक क्रमवारीत तिसरा होता.

ग्रँड स्लॅमची अंतिम फेरी त्याला कधीच गाठता आली नाही. पॅरिसला तो २००५ आणि २००७ मध्ये उपांत्य फेरीत हरला. पहिल्यांदा मारियानो पुएर्ताकडून पाच सेटमध्ये, दुसऱ्यांदा फेडररकडून. त्यामुळे इतिहासाच्या पुस्तकांत त्याला चार ओळी मिळतात. पण त्याच्या एकवीस विजेतेपदांपैकी बरीच अशाच आडवाटेच्या गावांतली आहेत. या छोट्या स्पर्धा वगळून त्याची कारकीर्द लिहायला घेतली, तर तिचा मोठा भाग हातातून निसटतो.

दुसऱ्या वर्षीचा विजेता अर्जेंटिनाचा हुआन मोनाको. त्याने फ्रान्सच्या गाएल मोनफिसला ७-६, ६-० असं हरवलं. स्कोअर वाचला की सामन्याचं रूप कळतं. पहिला सेट टायब्रेकपर्यंत झगडून गेला आणि तो हातातून सुटल्यावर दुसऱ्यात मोनफिसला एकही गेम मिळाला नाही. २००७ हे मोनाकोचं वर्ष होतं. फेब्रुवारीत ब्युनोस आयर्सला कारकिर्दीतलं पहिलं विजेतेपद, मे महिन्यात पोर्टशाख, आणि जुलैत पुन्हा ऑस्ट्रियातच, किट्झब्युहेलला तिसरं. पोर्टशाखहून तो पॅरिसला गेला आणि तिथे चौथ्या फेरीपर्यंत पोचला.

आदल्या आठवड्यात खेळावं की नाही हा टेनिसमधला जुना वाद आहे. २००६ पासून पॅरिसची स्पर्धा सोमवारऐवजी रविवारी सुरू होऊ लागली, त्यामुळे विश्रांतीचा अवधी आणखी घटला. अंतिम सामना खेळलेला खेळाडू दमलेल्या पायांनी पाच सेटच्या सामन्यांसाठी उतरतो. पण आधीच्या दोन-तीन स्पर्धांत पहिल्या फेरीत हरलेल्या खेळाडूला विश्रांतीचा उपयोग काय? त्याला हवा असतो विश्वास आणि तो सरावाच्या कोर्टावर मिळत नाही. त्या काळी पोर्टशाखच्या दर्जाची स्पर्धा जिंकली की क्रमवारीचे १७५ गुण मिळत. चाळिसाव्या-पन्नासाव्या क्रमांकावरच्या खेळाडूसाठी हे गुण म्हणजे पुढच्या अनेक स्पर्धांतला थेट प्रवेश. माझ्या मते अशा खेळाडूने या आठवड्यात खेळायलाच हवं.

तिसऱ्या वर्षी, २००८ मध्ये, अंतिम फेरीत समोरासमोर आले ते आधीचे दोन विजेते. डाव्हिडेन्कोने मोनाकोला ६-२, २-६, ६-२ असं हरवलं. पोर्टशाखची स्पर्धा म्हणजे तीन वर्षं, दोन विजेते आणि शेवटी त्या दोघांचीच लढत. एखाद्या स्पर्धेला स्वतःचा इतिहास मिळायला, प्रेक्षकांना ‘मागच्या वर्षी हा कसा खेळला होता’ असं म्हणता यायला जेवढा काळ लागतो, तेवढा इथे नुकता कुठे झाला होता.

२००९ मध्ये एटीपीने सगळं कॅलेंडर नव्याने मांडलं. दर्जांना १०००, ५०० आणि २५० अशी नावं आली, माद्रिदची मोठी स्पर्धा शरद ऋतूतून मे महिन्यात लाल मातीवर आली आणि हॅम्बर्ग एक पायरी खाली उतरून जुलैत गेलं. या नव्या मांडणीत पोर्टशाख कुठेच नव्हतं.

आता त्या बँकेविषयी, कारण तिच्याशिवाय ही गोष्ट पुरी होत नाही. हिपो आल्पे-आड्रिया ही मुळात कॅरिंथिया प्रांताची गहाण-कर्ज देणारी बँक. १९९० नंतर ती क्रोएशिया, स्लोव्हेनिया, बोस्निया आणि सर्बियात वेगाने पसरली. तिच्या कर्जरोख्यांना प्रांताच्या सरकारची हमी होती आणि ही हमी वाढत वाढत वीस अब्ज युरोंच्या पुढे गेली. जेमतेम साडेपाच लाख लोकवस्तीच्या प्रांताने एवढी हमी घेतली होती! त्या काळात प्रांताचा गव्हर्नर होता उजव्या राजकारणातला गाजलेला नेता योर्ग हायडर. २००७ मध्ये बव्हेरियाच्या सरकारी बँकेने सुमारे १.६ अब्ज युरो मोजून हिपोचा अर्ध्याहून थोडा जास्त हिस्सा विकत घेतला. त्यानंतर अडीच वर्षांच्या आत, डिसेंबर २००९ मध्ये, हिपो बुडायला आली. तेव्हा बव्हेरियाने आपला हिस्सा एका युरोला ऑस्ट्रियाच्या सरकारला देऊन टाकला. पुढची कित्येक वर्षं ऑस्ट्रियाचे करदाते त्या बँकेची किंमत मोजत राहिले.

बँक बुडाली म्हणून स्पर्धा बंद पडली, असं सांगून मोकळं व्हायचा मोह होतो. तारखा मात्र त्याला दुजोरा देत नाहीत. पोर्टशाखचा शेवटचा सामना मे २००८ मधला, आणि बँक सरकारच्या ताब्यात गेली ती त्यानंतर दीड वर्षाने. तारखांवरून एवढं नक्की म्हणता येतं की बँकेची घोडदौड जोरात होती त्याच वर्षांत ही स्पर्धा तलावाकाठी आली. त्या वर्षांत बँकेचं नाव कॅरिंथियात टेनिसपुरतं नव्हतं. क्लागेनफुर्टच्या नव्या फुटबॉल मैदानालाही ‘हिपो अरेना’ म्हणत. जून २००८ मध्ये तिथे युरो स्पर्धेचे सामने झाले तेव्हा ते नाव बाजूला ठेवावं लागलं, कारण युएफा आपल्या स्पर्धेत मैदानांची प्रायोजकी नावं चालू देत नाही. टेनिसच्या छोट्या स्पर्धांना असा कणखरपणा परवडत नाही. गाव, तलाव, देश यांतलं काही तरी नावात राहिलंच पाहिजे, असा आग्रह एटीपीने धरायला हवा, असं मला मनापासून वाटतं. प्रायोजक गेल्यावरही गावाची आठवण टिकण्याचा निदान एक आधार राहील.

हा आठवडा असाच फिरत राहिला. २०१० ते २०१६ या काळात फ्रान्सच्या नीसमध्ये या आठवड्यात स्पर्धा होती. डॉमिनिक थीमने आपलं पहिलं एटीपी विजेतेपद २०१५ मध्ये तिथे मिळवलं. ड्युसेलडॉर्फच्या रोखुस क्लबमध्ये १९७८ पासून याच आठवड्यात देशोदेशींच्या संघांची वर्ल्ड टीम कप स्पर्धा होत असे. २०१२ नंतर ती थांबली आणि तिच्या जागी एका ऑस्ट्रियन एनर्जी ड्रिंकच्या नावाने ‘पॉवर हॉर्स कप’ आला. तो टिकला दोन वर्षं. २०१४ मध्ये तो जर्मनीच्या फिलिप कोलश्रायबरने जिंकला आणि २०१३ चा पहिला विजेता होता हुआन मोनाको. पॅरिसच्या आदल्या आठवड्यातल्या दोन अल्पायुषी स्पर्धा जिंकलेल्या या माणसाचं नाव त्या दोन्ही गावांना आज कितपत आठवत असेल?

ड्युसेलडॉर्फनंतर २०१५ मध्ये हा आठवडा जिनिव्हाला मिळाला. तिथल्या पहिल्या अंतिम सामन्यात ब्राझीलच्या थोमाझ बेलुचीकडून पोर्तुगालचा जुआंव सोझा हरला. पुण्याच्या टेनिसप्रेमींना सोझा ओळखीचा आहे. फेब्रुवारी २०२२ मध्ये बालेवाडीत टाटा ओपन महाराष्ट्र त्यानेच जिंकली. ती हार्डकोर्टवरची स्पर्धा, पण तिची कुंडली पोर्टशाखसारखीच आहे. १९९६ मध्ये दिल्लीत सुरुवात, मग वीस वर्षं चेन्नई, नावात आधी सिगारेटचा ब्रँड, नंतर टाटा, मग मोबाइल कंपनी. २०१८ मध्ये ती पुण्यात आली, २०२३ ला इथली शेवटची झाली आणि २०२४ च्या जानेवारीत तो आठवडा हाँगकाँगकडे गेला. बालेवाडीच्या कोर्टाशेजारी बसून आपल्या पोरांनी जगातल्या पहिल्या पन्नासांतल्या खेळाडूची सर्व्हिस जवळून पाहिली, ती या पाच स्पर्धांमुळेच.

जिनिव्हाची स्पर्धा मात्र रुजली. २०१६ आणि २०१७ मध्ये घरचा स्टॅन वावरिंका जिंकला आणि मे २०२५ मध्ये जोकोविचने कारकिर्दीतलं शंभरावं विजेतेपद तिथे मिळवलं.

पुढच्या आठवड्यात बाल्टिक समुद्राकाठच्या सोपोटला जाऊ. पोलंडच्या या गावातली पुरुषांची स्पर्धा सात वर्षं चालली. तिच्याही नावात एक कंपनी होती आणि ऑगस्ट २००४ मध्ये अठरा वर्षांच्या राफाएल नदालने आपलं पहिलं एटीपी विजेतेपद तिथेच मिळवलं.