घरांतील मारहाण आणि पाहणारे आपण

‘घरोघरीं मातीच्या चुली’ ही म्हण आपण किती सहजपणें उच्चारतों! शेजारच्या घरांतून रात्रीं रडण्याचा आवाज आला, सुनेच्या दंडावर काळानिळा वण दिसला, किंवा माहेरीं आलेली लेक चार दिवस धड जेवली नाहीं, कीं ही म्हण पुढें करून आपण मोकळे होतों. म्हणींत शहाणपण असतें हें खरें. परंतु कांहीं वेळां शहाणपणाचा वेष घेऊन आळसच बोलत असतो. स्त्रीला तिच्याच घरांत होणारी मारहाण, छळ आणि अपमान हा विषय कुटुंबांत वाचल्या जाणाऱ्या मासिकांत नसावा, असें कोणास वाटेल. आमचें मत उलट आहे. जेथें आजोबांपासून नातवंडांपर्यंत सर्व एका छपराखालीं राहतात, तेथेंच हा विषय निघाला पाहिजे. कारण ह्या दुखण्याचें औषध जितकें न्यायालयांत आहे तितकेंच, किंबहुना त्याहून अधिक, घरांतल्या पाहणाऱ्यांपाशीं आहे.

प्रथम दुखणें केवढें आहे तें पाहूं. केंद्र सरकारतर्फे २०१९ ते २०२१ ह्या काळांत पांचवी राष्ट्रीय कुटुंब-आरोग्य पाहणी झाली. तींत १८ ते ४९ वर्षें वयाच्या, विवाह झालेल्या स्त्रियांपैकीं देशांत शेंकडा सुमारें २९ जणींनीं व महाराष्ट्रांत शेंकडा सुमारें २५ जणींनीं पतीकडून शारीरिक वा लैंगिक हिंसा सोसल्याचें सांगितलें. म्हणजे आपल्या राज्यांत चौघींत एक. ह्याहून विचार करावयास लावणारे आकडे पुढचे आहेत. हिंसा सोसलेल्या स्त्रियांपैकीं मदत मागणाऱ्या देशभरांत शेंकडा १४ च निघाल्या; बहुतेकींनीं कोणापाशीं शब्दही काढला नव्हता. आणि कांहीं प्रसंगीं पतीनें पत्नीस मारणें योग्यच आहे, असें मानणाऱ्या स्त्रिया शेंकडा ४५ व पुरुष शेंकडा ४४ होते. शिक्षणाबरोबर मारहाणीचें प्रमाण उतरतें, पण शून्यावर येत नाहीं. तेव्हां ‘हें अडाणी लोकांत चालतें’ असें म्हणण्याचा अधिकार आपणांस नाहीं. सुशिक्षित घरांत पुष्कळदां फरक एवढाच असतो कीं आधीं दारें-खिडक्या लावून घेतात.

मारहाण एकाएकीं सुरू होत नाहीं. आरंभ बहुधा शब्दांनीं होतो. तिच्या माहेरावर, रूपावर, स्वयंपाकावर टोमणे पडूं लागतात. मग पैशाचा हिशेब येतो. तिचा पगार काढून घेतला जातो किंवा भाजीच्या पैशांसाठीं तिला हात पसरावा लागतो. नंतर मैत्रिणी तुटतात, माहेरचा फोन बंद होतो. असें एकटें पाडल्यावर हात उगारला जातो. त्यानंतर पश्चात्तापाचे चार दिवस येतात. गजरा येतो, साडी येते, शपथा होतात, तिची आशा पालवते. आणि पुन्हां पहिल्यापासून तेंच. लेनोर वॉकर ह्या अमेरिकन मानसशास्त्रज्ञ बाईंनीं १९७९ सालीं हें चक्र मांडून दाखविलें. पण आपल्याकडील कोणत्याही वडीलधाऱ्या बाईला तें पुस्तकावांचून ठाऊक आहे.

‘तो दारूच्या नादांत करतो’, ‘रागीट आहे, पण मनाचा चांगला आहे’, असें समर्थन ऐकूं येतें. दारूनें आग भडकते ह्यांत संशय नाहीं. परंतु हाच रागीट मनुष्य कचेरींतल्या साहेबावर हात टाकीत नाहीं, बाजारांत धक्का देणाऱ्या धटिंगणावर टाकीत नाहीं. घरीं येऊन बायकोवर टाकतो. म्हणजे रागाला जागा कळते, माणूस कळतो आणि परिणामही कळतो. जेथें परिणाम नाहीं तेथें तो सुटतो. म्हणून परिणाम उत्पन्न करणें हेंच प्रतिबंधाचें मर्म आहे.

आमच्या सातारा-सांगलीचाच दाखला घेऊं. हे दोन जिल्हे १९४९ पर्यंत एकच होते. सांगलीकडील भागाला प्रथम दक्षिण सातारा म्हणत, आणि १९६० सालीं त्यास सांगली हें नांव मिळालें. ह्याच मुलखानें १९४३ पासून परकी सत्ता झुगारून प्रतिसरकार चालविलें. गांवोगांव न्यायदान मंडळें बसविलीं, साधेपणानें गांधी-विवाह लाविले. अशा स्वाभिमानी मुलखांत मुलीचें स्वागत मात्र कसें होई? घरांत मुलीवर मुलगी झाली, कीं कित्येक ठिकाणीं तिचें नांव ‘नकुसा’ किंवा ‘नकोशी’ ठेवीत. म्हणजे पुढचा मुलगा होतो, अशी समजूत. नामकरण हा सोळा संस्कारांपैकीं एक. त्या संस्कारांतच मुलीला ‘तूं आम्हांस नको होतीस’ असें सांगावयाचें आणि शाळेच्या हजेरीपटावर तें रोज मोठ्यानें वाचावयाचें! हातानें मारण्याच्या कितीतरी आधीं हा पहिला मार होय. २२ ऑक्टोबर २०११ रोजीं जिल्हा प्रशासनाच्या पुढाकारानें साताऱ्यांत समारंभ होऊन अशा २८० हून अधिक मुलींना नवीं नांवें मिळालीं. कांहींनीं तीं स्वतःच निवडलीं. सरकारनें, गांवानें व पालकांनीं एकत्र बसून एक अपमान पुसला, ही गोष्ट लहान नव्हे.

जन्माच्या वेळचा हा अपमान एका टोंकाला, तर दुसऱ्या टोंकाला परित्यक्ता, लोकभाषेंत ‘टाकलेली’. नवऱ्यानें दुसरी केली किंवा मारून हांकलून दिलें. सासर सुटलें आणि माहेरीं भावजयीच्या हाताखालीं राबणें आलें. १९८० नंतरच्या दशकांत ह्या भागांत स्त्रीमुक्ति संघर्ष चळवळीनें अशा स्त्रियांना एकत्र आणलें. तरुणपणीं प्रतिसरकारच्या लढ्यांत उतरलेल्या कासेगांवच्या इंदुताई पाटणकर आणि अमेरिकेंतून येऊन कासेगांवच्याच झालेल्या विदुषी गेल ऑम्व्हेट ह्या चळवळींत पुढें होत्या. त्यांच्या मागण्या साध्या होत्या: स्वतःच्या नांवाचें रेशनकार्ड, राहण्यास जागा, कसण्यास जमीन. ह्या मागण्यांत एक मोठें सत्य आहे. जिला जाण्यास दुसरें दार नाहीं, तिला मार सोसावाच लागतो. इंदुताई २०१७ सालीं व गेल ऑम्व्हेट २०२१ सालीं निवर्तल्या. तो धडा मात्र राहिला आहे. पुढें सांगलींत १९९२ पासून ‘संग्राम’ ही संस्था, आणि साताऱ्यांत वकील वर्षा देशपांडे ह्यांचें दलित महिला विकास मंडळ, अशा कामांत पडलीं. देशपांडे ह्यांना २०२५ सालीं संयुक्त राष्ट्रांचा लोकसंख्या पुरस्कारही मिळाला.

आतां कायद्याकडे वळूं. येथें एक गैरसमज दूर केला पाहिजे. ‘स्त्रियांची बाजू घेणारे कायदे पाश्चात्यांचे, आणि नवऱ्याची सत्ता ही मात्र आपली परंपरा’ असें पुष्कळांस वाटतें. मुंबईच्या रखमाबाईंवर त्यांच्या पतीनें १८८४ सालीं नांदावयास येण्याचा दावा लाविला. न्यायमूर्ति पिन्हे ह्यांनीं १८८५ सालीं रखमाबाईंच्या बाजूनें निकाल देतांना, असा दावा हिंदु धर्मशास्त्रांतला नसून इंग्लंडांतून आलेला आहे, असेंच दाखविलें. पुढें तो निकाल फिरला आणि १८८७ सालीं ‘नांदावयास जा, नाहींतर सहा महिने तुरुंग’ असा हुकूम झाला. इंग्लंडानें स्वतः अशी कैद १८८४ सालींच रद्द केली होती! प्रकरण १८८८ सालीं तडजोडीनें मिटलें; रखमाबाई विलायतेस जाऊन डॉक्टर झाल्या. त्याचप्रमाणें पतीनें पत्नीवर केलेली बळजबरी गुन्ह्यांतून वगळणारा अपवाद १८६० च्या दंडसंहितेंत इंग्रजी कल्पनेनुसारच शिरला. इंग्लंडांतील सर्वोच्च न्यायपीठानें ती कल्पना १९९१ सालीं टाकून दिली. आपल्याकडे ती नव्या न्यायसंहितेंतही उतरली आहे. राज्यकर्ते गेले, पण त्यांची कांहीं अडगळ आपण माजघरांत जपून ठेविली, असेंच म्हणावें लागतें.

स्वतंत्र भारतानें स्वतः केलेले कायदे पाहूं. १९८३ सालीं दंडसंहितेंत ४९८-अ हें कलम आलें. पति व सासरचे नातलग ह्यांची क्रूरता गुन्हा ठरली. १ जुलै २०२४ पासून तेंच भारतीय न्यायसंहितेच्या ८५ व ८६ ह्या कलमांत आहे. परंतु एकत्र कुटुंबांनीं विशेष लक्षांत घ्यावा तो २००५ सालचा, आणि २६ ऑक्टोबर २००६ पासून अमलांत आलेला, कौटुंबिक हिंसाचारापासून स्त्रियांना संरक्षण देणारा कायदा. त्यानें शारीरिक माराबरोबर लैंगिक, वाचिक-मानसिक व आर्थिक छळ हीही हिंसा मानली. तो केवळ पत्नीपुरता नाहीं. आई, बहीण, मुलगी, विधवा भावजय ह्यांनाही त्याचा आधार आहे. त्यानुसार दंडाधिकाऱ्यास मारहाण थांबविण्याचा, घरांत राहूं देण्याचा, खर्च देण्याचा हुकूम करतां येतो. संरक्षणाचा हुकूम मोडला तर एक वर्षापर्यंत कैद वा २०,००० रुपयांपर्यंत दंड, किंवा दोन्ही होऊं शकतात. २०१६ सालीं सर्वोच्च न्यायालयानें हाही दावा केवळ पुरुषांविरुद्ध चालतो ही मर्यादा काढून टाकली. तेव्हां छळणाऱ्या सासूनें वा नणंदेनें निश्चिंत राहूं नये. २०२० सालीं त्याच न्यायालयानें ठरविलें कीं, घर सासऱ्याच्या मालकीचें असलें तरी, सून तेथें कुटुंबांतली म्हणून राहिली असेल तर तिचा निवाऱ्याचा हक्क त्यामुळें आपोआप बुडत नाहीं. ‘घर माझ्या नांवावर आहे, नीघ बाहेर’ ही धमकी आतां पूर्वीसारखी चालत नाहीं.

ह्याच कायद्याचें चौथें कलम मात्र फार थोड्यांस ठाऊक असतें. हिंसा झाली, होत आहे किंवा होण्याचा संभव आहे असें मानण्यास कारण असेल, तर कोणीही मनुष्य संरक्षण अधिकाऱ्यास कळवूं शकतो. आणि सद्भावनेनें कळविणाऱ्यावर कोणतीही जबाबदारी येत नाहीं. कायद्यानें पाहणाऱ्याला असें बळ दिलें आहे. ‘आपण कशाला मध्यें पडावें?’ ह्या प्रश्नाचें उत्तर तेथें लिहून ठेविलेलें आहे.

हा विचार आपल्या ग्रंथांनाही परका नाहीं. जेथें स्त्रियांचा सन्मान होतो तेथें देवता रमतात, ह्या अर्थाचा मनुस्मृतींतला श्लोक प्रत्येक हळदीकुंकवाच्या भाषणांत येतो. त्याच ग्रंथाच्या आठव्या अध्यायांत चुकणाऱ्या पत्नीस दोरीनें वा वेळूच्या कांबीनें शासन करण्याची मुभाही आहे. ती लपवून ठेवण्यांत प्रामाणिकपणा नाहीं. आणि त्याच अध्यायाच्या आरंभीं असेंही सांगितलें आहे कीं, सभेंत जाऊन जो खरें बोलत नाहीं, तो मौन पाळूनही पापी होतो. ह्यांतून काय घ्यावें आणि काय टाकावें हें ठरविण्याची बुद्धि आपणांस दिलेली आहे. महाभारतांतील द्यूतसभेंत द्रौपदीनें प्रश्न केला तेव्हां भीष्मांनीं धर्म सूक्ष्म आहे असें म्हणून उत्तर टाळलें; बोलला तो दुर्योधनाचाच धाकटा भाऊ विकर्ण. कर्णानें त्याला पोर म्हणून गप्प केलें. तथापि त्या सभेंतील थोरांच्या पंक्तींत बसण्यापेक्षां आमच्या वाचकांनीं त्या पोराच्या बाजूस उभें राहावें, असें आम्हांस वाटतें.

खोट्या तक्रारी होतात, घरें मोडतात, असा आक्षेप येतो. तक्रार खरी कीं खोटी हें तपासावयास न्यायालयें आहेत, आणि २०१४ सालीं सर्वोच्च न्यायालयानें अशा प्रकरणांत सरसकट अटक करूं नये असें बजाविलेंही आहे. आणि २००५ च्या कायद्याचा भर तर शिक्षेपेक्षां मार थांबविण्यावरच आहे. राहिलें घर मोडण्याचें. जें घर एकीच्या माराच्या आधारावर उभें आहे, तें तक्रारीनें मोडत नाहीं. तें आधींच मोडलेलें असतें. शाळेंत उभी हयात घालविल्यावर आम्हांस इतकें नक्की सांगतां येतें कीं, अशा घरांतलें मूल वर्गांत ओळखूं येतें. मास्तरांचा हात फळ्याकडे वळला तरी तें दचकतें. आणि त्याच घरांतला मोठा मुलगा मधल्या सुटींत लहानग्यांवर हात उचलतो. वडिलांचा धडा मुलगा फार लवकर पाठ करतो.

तर मग करावें काय? घरांतील वडिलांनीं पहिल्या उगारलेल्या हाताच्याच दिवशीं, सर्वांसमक्ष, मुलाला बजावावें. सुनेला ‘सोसून घे’ असें सांगूं नये. सासूबाईंनीं, आपण सोसलें म्हणून हिनेंही सोसावें, हा हिशेब सोडावा. तो हिशेब पिढ्यान्पिढ्या फिटत नाहीं. सुनेचें स्त्रीधन, पगार, प्रमाणपत्रें व फोन तिच्याच हातीं राहतील असें पाहावें. मुलीच्या आईवडिलांनीं लग्नाच्या दिवशींच तिला सांगावें कीं हें दार उघडें आहे, आणि मारापोटीं परत आलेल्या लेकीला लोकलाजेस्तव पुन्हां धाडूं नये. ‘लेक परक्याचें धन’ हें कायद्यानेंही खोटें ठरविलें आहे. वडिलोपार्जित मिळकतींत मुलीला मुलाच्या बरोबरीचा वाटा महाराष्ट्रानें १९९४ सालीं व साऱ्या देशानें २००५ सालीं दिला. शेजाऱ्यांनीं आवाज ऐकतांच दार ठोठावावें; साखर मागण्याचें निमित्तही पुरतें, कारण कोणी ऐकतें आहे हें कळलें कीं हात पुष्कळदां थांबतो. जिवावर बेतण्यासारखें असेल तर ११२ वर, आणि सल्ला वा आसरा हवा असेल तर १८१ ह्या महिला मदत क्रमांकावर कळवावें. मुलग्यांना लहानपणापासून शिकवावें कीं बहिणीवर हात टाकणें ही मर्दुमकी नसून भेकडपणा आहे.

ह्यांपैकीं एकही गोष्ट खर्चाची नाहीं. तिला थोडा वाईटपणा घ्यावा लागतो, एवढेंच. मुलाची, भावाची किंवा शेजाऱ्याची नाराजी चार दिवस सोसावी लागेल. परंतु न बोलण्याची किंमत दुसरी कोणी तरी आयुष्यभर देत असते, हें आपण दृष्टीआड करूं नये.