खंडेराव आणि मल्हारी : एका दैवतनामाचा उगम व प्रसार

प्रस्तावना :
व्यक्तिनाम हे केवळ ओळखीचे साधन नसून समाजाच्या श्रद्धा, भाषा व स्थलांतर यांचा तो लिखित पुरावा असतो. युरोपात लॅटिन नावे चर्च व राजसत्तेच्या आश्रयाने देशोदेशी रूपांतरित होत गेली. महाराष्ट्रात असाच प्रवास खंडोबाच्या नावांनी केलेला दिसतो.

उगम :
पुराणकथेनुसार खंडोबाने मणी व मल्ल या दैत्यांचा वध केला. मल्लाचा अरी तो मल्लारी. मराठीत त्याचे 'मल्हारी' व पुढे 'मल्हार' झाले. 'खंडोबा' या नावाचा संबंध सामान्यतः खंडा या शस्त्राशी जोडला जातो. हेच दैवत कर्नाटकात मैलार, तर तेलुगू प्रदेशात मल्लण्णा म्हणून पूजिले जाते. तिन्ही भाषांच्या सीमेलगत असलेल्या नांदेड जिल्ह्यात लोहा तालुक्यातील माळेगावची खंडोबाची यात्रा प्रसिद्ध आहे. साहजिकच हदगाव परिसरातही खंडू, खंडेराव, मल्हारी, मार्तंड ही नावे परिचित आहेत.

प्रसार :
नवसाने झालेल्या अपत्यास दैवताचे व नातवास आजोबांचे नाव देण्याच्या प्रथेमुळे ही नावे पिढ्यान्पिढ्या टिकली. मराठी सत्तेबरोबर ती महाराष्ट्राबाहेर गेली. इंदूरच्या होळकर घराण्याचे संस्थापक मल्हारराव (१६९३–१७६६) यांच्या पुत्राचे नाव खंडेराव होते. ते १७५४ मध्ये कुंभेरीच्या वेढ्यात मारले गेले. बडोद्यात खंडेराव गायकवाड (१८५६–१८७०) व त्यांच्यानंतर त्यांचे बंधू मल्हारराव (१८७०–१८७५) गादीवर आले. धनगराच्या वाड्यापासून राजवाड्यापर्यंत एकच नाव चालले, हे येथे लक्षणीय आहे.

मर्यादा :
तथापि नामसाम्य म्हणजे उगमसाम्य नव्हे. त्रावणकोरचे मार्तंड वर्मा यांच्या नावात सूर्यवाचक संस्कृत शब्द आहे. त्याचा खंडोबाशी संबंध जोडणे योग्य ठरणार नाही.

निष्कर्ष :
आज 'मल्हार' हे नाव सुशिक्षित कुटुंबांत आवडीने ठेवले जाते, मात्र 'खंडू' गावंढळ मानले जाते. वस्तुतः दोन्हींचे दैवत एकच. ज्या समाजांचा इतिहास बखरींत आला नाही, त्यांच्या श्रद्धांचा माग अशा नावांतूनच लागतो. म्हणून महाविद्यालयांनी आपली जुनी प्रवेश-नोंदवही रद्दीत न घालता अभ्याससाधन म्हणून जतन करणे आवश्यक आहे.