दोलारा तळ्याचे बेट : एका दिवसाची भद्रावती

बी. ए., द्वितीय वर्ष

सहल म्हटली की आपल्याकडे दोन-तीन नावे ठरलेली असतात. वेरूळ, अजिंठा, महाबळेश्वर. फार झाले तर पचमढी. बेट पाहायचे तर घारापुरी. मुंबईला जायचे, गेटवेवरून लाँच धरायची, तासाभरात लेणी पाहून परतायचे. हे सारे पाहण्यासारखेच आहे, यात वाद नाही. परंतु चंद्रपूरपासून अवघ्या पंचवीस-सव्वीस किलोमीटरवर, नागपूर रस्त्यालाच, एक प्राचीन बेट आहे आणि त्यावर जायला लाँच लागत नाही, दगडी पूल आहे, हे आपल्यापैकी कितीजणांना ठाऊक आहे? हे बेट भद्रावतीच्या दोलारा तळ्यात आहे. ते कसे पाहावे, किती जणांनी पाहावे आणि दाखवणाऱ्याने काय सांगावे, याचा विचार या लेखात करावयाचा आहे.

बेटांचे तीन प्रकार

बेट म्हणजे चहूबाजूंनी पाणी असलेली जमीन, ही शाळेतली व्याख्या. पण प्राचीन अवशेष असलेली बेटे पाहू गेल्यास त्यांचे तीन प्रकार दिसतात. पहिला निसर्गाने केलेल्या बेटांचा. घारापुरी अशीच आहे. ग्रीस देशातील डेलॉस हेही असेच. तिथे प्रवासी सकाळी बोटीने जातात व त्याच दिवशी परततात, कारण त्या बेटावर मुक्कामाला परवानगी नाही. दुसरा प्रकार धरणाने केलेल्या बेटांचा. कृष्णेच्या काठी नागार्जुनकोंडा येथे १९५४ ते १९६० या काळात मोठे उत्खनन झाले. पुढे नागार्जुनसागर धरणाचे पाणी चढले. त्याआधी महत्त्वाचे अवशेष उचलून डोंगराच्या माथ्यावर नेऊन मांडले होते. तो माथाच आज बेट झाला असून लाँचने तिथे जावे लागते. तिसरा प्रकार गावतळ्यातील बेटांचा. पाणी माणसाने अडवलेले, बेट त्या पाण्यात, आणि बेटावर जाण्याची वाटही माणसाने बांधलेली. दोलारा या तिसऱ्या प्रकारात मोडते.

आपला प्रदेश तलावांचा आहे. झाडीपट्टीत गावोगाव बोडी किंवा तलाव असतो. जुने लोक त्याच्या पाळीला 'पार' म्हणतात, पाणी सोडण्याच्या मोरीला 'तुडूम' आणि जास्तीचे पाणी वाहून जाण्याच्या वाटेला 'सलंग'. माझ्या घरी माझ्याआधी कोणी महाविद्यालयाची पायरी चढले नाही. पण हे शब्द मला पुस्तकाने दिलेले नाहीत, घरानेच दिले. तळे बांधणे व राखणे ही केवढी मोठी विद्या आहे, हे या एकेका शब्दावरून कळते. दोलारा पाहताना हे ध्यानात असले म्हणजे आपण केवळ 'जुने दगड' पाहत नाही, ओळखीच्या गोष्टीचे जुने रूप पाहतो.

पुलाची रचना

दोलाऱ्याचा पूल सुमारे १३६ फूट लांब व सात फूट रुंद आहे, अशी नोंद इंग्रजी अमदानीतील गॅझेटियरमध्ये आहे. मीटरमध्ये सांगायचे तर लांबी सुमारे साडेएक्केचाळीस आणि रुंदी दोनच्या थोडी वर. जाडजूड दगडी खांबांच्या दोन रांगा आहेत. खांबांच्या माथ्यावर लांबच लांब दगडी तुळया टाकून वाट तयार केली आहे. कमान कुठेही नाही.

कमान नाही, या गोष्टीचा अर्थ समजून घेतला पाहिजे. दगडावर वरून भार आला तर तो तो सहज पेलतो. पण दोन खांबांवर आडव्या टाकलेल्या दगडाची गोष्ट निराळी आहे. वरून भार येताच त्याची वरची बाजू दाबली जाते आणि खालची बाजू ताणली जाते. हा ताण दगडाला सोसत नाही. खालून चीर जाते आणि तुळई मोडते. म्हणून आडवी तुळई फार लांब ठेवता येत नाही. तुळई आखूड म्हणून खांब जवळजवळ, आणि खांब जवळजवळ म्हणून त्यांची संख्या जास्त. पुलाचे सगळे रूप या एका कारणातून आले आहे. आपल्याकडील जुन्या देवळांच्या सभामंडपांतही हीच पद्धत आहे : खांब, त्यावर तुळई, त्यावर फरशी. तेव्हा दोलाऱ्याचा पूल म्हणजे पाण्यावर लांबवलेला, छत नसलेला सभामंडपच, असे म्हणता येईल.

याच्या उलट कमान पाहायची तर चंद्रपूरच्या जटपुरा दरवाज्याखालून जाताना मान वर करावी. गोंड राजांच्या परकोटाच्या दरवाज्यांना कमानी आहेत. कमानीत प्रत्येक दगड शेजारच्या दगडाला दाबून धरतो; ताण कुणावरच येत नाही, म्हणून तिला मोठे अंतर ओलांडता येते. बांधकामाच्या दोन निरनिराळ्या परंपरा एकाच जिल्ह्यात, एका दिवसात पाहायला मिळतात. यासाठी वेरूळपर्यंत जाण्याची गरज नाही.

आणखी एक विचार मनात येतो. बेटावर कधीमधी जायचे असते तर डोंगा पुरला असता. एवढे अवजड दगड आणून पक्की वाट बांधली, त्या अर्थी त्या बेटावर जाणे-येणे नित्याचे आणि महत्त्वाचे असले पाहिजे. हा पुरावा नव्हे, तर्क आहे. पण असा तर्क करायला लावणारी वस्तू समोर असणे, हीच खरी इतिहासाची प्रयोगशाळा.

गट लहानच का हवा?

आता मुख्य मुद्दा. आपली सहल निघते ती एका बसची, म्हणजे पन्नास-साठ जणांची. साठ विद्यार्थी सात फुटी पुलावर दोन-दोनच्या रांगेत उभे केले तर तीस जोड्या होतात. एका जोडीला तीन फूट जागा धरली तरी रांग नव्वद फूट लांब होते. पुलाचा दोन-तृतीयांश भाग रांगेनेच भरला! पुढे उभा असलेला मार्गदर्शक काय सांगतो ते मागच्याला ऐकू येणे शक्य नाही. तो मग गप्पा मारणार किंवा दगडावर नाव कोरणार. याउलट बारा जण असतील तर रांग अठरा फुटांची. सगळ्यांना ऐकू येते, सगळ्यांना विचारता येते, आणि कोण काय करतो हेही दिसते.

विजासनच्या लेण्यांत तर लहान गटाला पर्यायच नाही. गावापासून दोन-अडीच किलोमीटरवर विजासन टेकडीत ही बौद्ध लेणी आहेत. अजिंठ्याप्रमाणे प्रशस्त दालन इथे नाही. डोंगराच्या पोटात सरळ खोदत नेलेला सुमारे ७१ फुटांचा बोगदा, त्याच्या टोकाशी बैठकीवर बसलेली भव्य बुद्धमूर्ती. आणि या मुख्य बोगद्याशी काटकोन करून दोन्ही बाजूंना आणखी दोन बोगदे, त्यांच्याही टोकाला गाभारा व मूर्ती. प्रकाश येतो तो तोंडाकडूनच. त्यात एकदम साठ जण शिरले तर ते स्वतःच्याच सावलीत उभे राहतात आणि मूर्ती काळोखात जाते. दहा-बारा जण दोन्ही भिंतींना धरून उभे राहिले तर उजेडाला वाट मिळते. अजिंठ्याच्या चित्रे असलेल्या लेण्यांतही एका वेळी मोजकेच प्रेक्षक सोडतात, ते उगाच नव्हे.

दिवसाची आखणी

सकाळी लवकर एस.टी.ने किंवा रेल्वेने निघावे. रेल्वे स्थानकाचे नाव आजही भांदकच आहे, हे लक्षात ठेवावे. प्रथम ऊन चढण्याआधी विजासन. नंतर गावात भद्रनागाचे मंदिर, चंडिकादेवीच्या जुन्या मंदिराचे अवशेष व पार्श्वनाथाचे जैन मंदिर. दुपारी शिदोरी सोडावी. उन्हे कलल्यावर शेवटी दोलारा; तिरप्या उन्हात दगडावरील छिन्नीच्या खुणा उठून दिसतात. हे सारे नोव्हेंबर ते जानेवारी या काळात करावे. आपल्या जिल्ह्याचा मे महिना कसा असतो हे सांगायला नको.

बौद्ध, जैन, नाग आणि देवी अशा चार उपासना एकाच गावात, पायी फिरता येईल एवढ्या अंतरात आहेत. यापैकी एकही केवळ भूतकाळात जमा झालेली नाही. १४ ऑक्टोबर १९५६ रोजी नागपूरला धम्मदीक्षा झाल्यानंतर दोनच दिवसांनी, १६ ऑक्टोबरला, डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी चंद्रपूरला दीक्षा दिली. त्यामुळे विजासनचा बुद्ध आज अनेकांसाठी अवशेष नसून श्रद्धास्थान आहे. सहलीच्या गटाने तिथे आवाज व वागणूक त्याप्रमाणे ठेवली पाहिजे.

मार्गदर्शकाने काय सांगावे?

माझ्या मते या सहलीतील सर्वांत अवघड काम मार्गदर्शकाचे आहे. त्याने तीन गोष्टी कधीही एकत्र करू नयेत : जे दिसते ते, जे लिहिलेले आहे ते, आणि जे सांगतात ते.

दिसतो तो पूल, दिसतात ती लेणी. ती मोजता येतात. लिहिलेले म्हणजे ताम्रपट व शिलालेख. भांदक येथे राष्ट्रकूट राजा पहिला कृष्ण याचा शके ६९४, म्हणजे इ.स. ७७२ चा ताम्रपट सापडला. वेरूळच्या कैलासाशी ज्याचे नाव जोडले जाते, तोच हा राजा. म्हणजे ज्या कैलासासाठी आपण तीनचारशे मैल जातो, त्याच्या कर्त्याचा दानलेख आपल्या दारात निघाला आहे!

सांगतात त्या कथा. भद्रावती म्हणजे पांडवांच्या अश्वमेधाच्या कथेतील नगरी, भीमाने श्यामकर्ण घोडा इथूनच नेला, असे गावात मानतात. कथा गोड आहे आणि ती जरूर सांगावी. पण कथा म्हणून सांगावी. आपल्या भागात कोणतेही जुने दगडी काम दिसले की पांडवांनी एका रात्रीत बांधले, असे म्हणून मोकळे होतात. यात बांधणाऱ्या पाथरवटांचे श्रम पुसले जातात, याचे मला वाईट वाटते. तुळई किती लांब ठेवली तर मोडणार नाही, हे ज्याने अनुभवाने ताडले त्याचे नाव कुठे कोरलेले नाही. निदान त्याचे काम तरी आपण पांडवांच्या खाती टाकू नये.

विद्वानांचेही सगळेच अंतिम नसते. सर अलेक्झांडर कनिंगहॅम यांनी १८७३ ते १८७५ या काळात मध्य प्रांतात दौरे केले. सातव्या शतकातील चिनी यात्रेकरू ह्युएन त्संग याने वर्णिलेली कोसलची राजधानी भांदकच, असे त्यांचे मत पडले. फर्ग्युसनने वैरागडचे नाव पुढे केले. पुढे इतरांनी छत्तीसगडमधील सिरपूरचा पक्ष घेतला. नागपूरच्या संग्रहालयातील भवदेव रणकेसरीचा शिलालेखही एके काळी भांदकचा मानला जात असे; नंतरच्या संशोधकांनी तो आरंगचा ठरवला. आपल्या गावाची एक मानाची खूण अशी दुसरीकडे गेली, याचे वाईट वाटणे स्वाभाविक आहे. पण मार्गदर्शकाने ही गोष्ट लपवू नये. खोट्या मोठेपणावर उभा केलेला अभिमान पहिल्या प्रश्नालाच कोसळतो. दोलाऱ्याच्या पुलाला राजधानीच्या बिरुदाची गरज नाही. तो आपल्या खांबांवर उभा आहे.

मार्कंडा : दुसऱ्या दिवसासाठी

ज्यांना याची गोडी लागेल त्यांनी दुसरा एक दिवस मार्कंड्यासाठी राखावा. २६ ऑगस्ट १९८२ रोजी जुन्या चंद्रपूर जिल्ह्यातून गडचिरोली जिल्हा वेगळा झाला. त्याच्या चामोर्शी तालुक्यात वैनगंगेच्या उंच काठावर हा देवळांचा समूह आहे. नदी इथे उत्तरेकडे वळते, म्हणून स्थान पवित्र मानले जाते. मुख्य देवळावरील शिल्पांत कनिंगहॅमने मनुष्याकृतीच ४०९ मोजल्या होत्या. वीज पडून या देवळाची फार हानी झाली. दोलारा शांत पाण्याशेजारचे बांधकाम, मार्कंडा वाहत्या पाण्याशेजारचे. दोन्ही पाहिल्यावर पाणी आणि दगड यांचे नाते कळते.

आपले कर्तव्य

संरक्षित स्मारकाच्या हद्दीपासून १०० मीटरपर्यंत नवीन बांधकामास कायद्याने मनाई आहे. पण कायदा प्रत्येक सांध्यावर पहारा ठेवू शकत नाही. सांध्यात रुजलेले पिंपळाचे रोप मुळांनी तुळई उचलते. मात्र ते रोप आपण ओढून काढू नये, त्याने दगड आणखी हलतो; संबंधित खात्याला कळवावे. पुलावरून मोटारसायकल नेऊ नये, दगडावर नाव लिहू नये.

इतिहास विभागाला माझी एक विनंती आहे. दरवर्षी एकच मोठी सहल काढण्याऐवजी बारा-बारा जणांचे पाच गट करावेत आणि प्रत्येक गटाचा मार्गदर्शक द्वितीय वर्षाचा विद्यार्थी असावा. त्याने आधी एकटे जाऊन यावे, टेपने पूल मोजावा, खांब मोजावेत, आणि गटाला आकडा न सांगता मोजायला लावावे. बारा जणांचे बारा आकडे आले तर तिथेच बसून पुन्हा मोजावे. पुस्तकात छापलेली गोष्ट आपण स्वतः पडताळून पाहू शकतो, हा विश्वास ज्या मुलांच्या घरात पुस्तकेच नव्हती त्यांना अशाच ठिकाणी मिळू शकतो. आणि तो मिळवण्यासाठी चंद्रपूर ते भांदक एवढेच तिकीट पुरे आहे.