नाव ठेवणे आणि नावे ठेवणे

आपल्या मराठी भाषेत एक मौज आहे. 'नाव ठेवणे' म्हणजे बारशाच्या दिवशी मुलाला पाळण्यात घालून त्याचे नामकरण करणे. आणि 'नावे ठेवणे' म्हणजे निंदा करणे. एकवचनाचे अनेकवचन झाले की मंगलाचे अमंगल होते. परंतु ज्यांत या दोन्ही क्रिया एकाच वेळी घडतात अशीही काही नावे आपल्याकडे आहेत. आईबाप मुलाला नाव ठेवतात आणि त्याच नावाने त्याला नावेही ठेवतात. भिका, दगडू, धोंडू, कचरू, उकर्डा, कवडू, नथू ही ती नावे. आज त्यांविषयीच चार शब्द बोलावयाचे आहेत.

ही नावे पुस्तकातली नव्हेत. ती आजही कागदोपत्री नांदत आहेत. सुरत शहरातील बमरोलीचेच उदाहरण घ्या. पांडेसऱ्याच्या औद्योगिक वसाहतीला लागून असलेले हे एके काळचे गाव आता महानगरात सामावून गेले आहे. यंत्रमाग आणि कापडाचे रंगकाम ही या भागाची उपजीविका. उधना, लिंबायत, डिंडोली, पांडेसरा, बमरोली या साऱ्या पट्ट्यात खानदेशातून आलेली मराठी कुटुंबे मोठ्या संख्येने राहतात. तापी नदी खानदेशातून वाहत जाऊन सुरतेपाशी समुद्राला मिळते. तिच्या खोऱ्यातून जाणारा अंमळनेर, दोंडाईचा, नंदुरबार, नवापूर असा लोहमार्गही सुरतेलाच पोचतो. त्याच वाटेने ही माणसे आली. घरात अहिराणी, बाजारात गुजराती आणि मागावर हिंदी असा त्यांचा त्रिभाषिक संसार आहे. नव्या पिढीची नावे अर्थातच नव्या धाटणीची असतात. पण आपली रीत अशी की, स्वतःच्या नावापुढे बापाचे नाव लावावयाचे. त्यामुळे नातवाचे नाव आर्यन असले आणि मुलाचे सुनील असले, तरी मुलाच्या नावामागोमाग आजोबांचा 'भिका' रेशनकार्डावर आणि शाळेच्या दाखल्यावर येऊन उभा राहतो. कचेरीत ते पूर्ण नाव मोठ्याने वाचले गेले की नातू मान खाली घालतो. आपल्या आजोबांना कुणी भीक म्हणून का हाक मारावी, हे त्याला उमगत नाही.

गंमत अशी की, ते नाव वाचणारा कारकून गुजराती असेल तर त्याला त्यात काहीच वावगे वाटत नाही. त्याच्याही नात्यात एखादे भिखाभाई असण्याचा संभव असतो. गुजरातीतही भीखो आहे, कचरो आहे, उकरडो आहे, नथू आहे. शिवाय 'वेडा' या अर्थाचा गांडो आणि 'उगाचच, विनाकारण' या अर्थाचा अमथो आहे. आपल्याकडे बारशाला नाव ठेवण्याचा मान आत्याचा, तर गुजरातेत तो फोईचा, म्हणजे आत्याचाच. १ मे १९६० रोजी महाराष्ट्र आणि गुजरात ही दोन राज्ये वेगळी झाली. परंतु पाळण्याजवळची भीती दोन्हीकडे एकच होती. म्हणून खानदेशातला भिका सुरतेत आला तेव्हा त्याला आपल्या नावाचे भाषांतर करावे लागले नाही.

ही भीती कोणती? ज्या घरात दोनतीन मुले पाठोपाठ दगावली, त्या घरात पुढचे मूल जन्मले की आनंदाआधी धास्ती येई. घरावर कुणाची तरी दृष्ट आहे, कुणाची तरी मागणी आहे, असे वाटे. मग आईबाप एक भाबडी युक्ती योजीत. हे मूल आमचे नव्हेच, किंवा आमचे असले तरी ते घेऊन जाण्याच्या लायकीचे नाही, असे ते दैवाला भासवीत. आई पाच घरी पदर पसरून धान्य आणि कापड मागून आणी. त्या मागून आणलेल्या कापडाचे अंगडे बाळाला घाली, आणि बाळाचे नाव ठेवी भिका. भिकेत मिळालेल्या वस्तूवर त्या घराच्या दुर्दैवाचा हक्क कसा पोचणार? कुठे मुलाला क्षणभर उकिरड्यावर ठेवून पुन्हा उचलून घेत, म्हणजे तो टाकलेला आणि सापडलेला कचरू किंवा उकर्डा होई. कुठे शेजारणीला कवडीमोलाने विकल्याचे नाटक होई आणि मुलगा कवडू ठरे. कुठे मुलाचे नाक टोचून त्यात नथ घालीत. मुलग्याच्या शोधात आलेल्या मृत्यूने मुलगी समजून परत जावे हा त्यातला हेतू, आणि त्यावरून तो नथू. दगडू आणि धोंडू यांत तर दुहेरी सोय असे. दगडाचा कुणी हेवा करीत नाही, आणि दगड मरतही नाही.

श्रोतेहो, बाळाला न्हाऊमाखू घातल्यावर आई त्याच्या गालावर काजळाची तीट लावते. त्या गोजिऱ्या चेहऱ्यावर तो काळा ठिपका विद्रूप दिसतो. पण म्हणूनच तो लावावयाचा असतो. ही नावे म्हणजे शब्दांची तीट होय. काजळाची तीट संध्याकाळपर्यंत पुसून जाते. ही जन्मभर टिकते, एवढाच फरक.

असे नाव केवळ गरिबांच्या वा खेडुतांच्याच वाट्याला येई, असे समजू नये. ज्या हलवायाच्या नावाने पुण्याचा सुप्रसिद्ध गणपती ओळखला जातो, त्याचे नाव दगडूशेठ. महर्षी कर्व्यांचे नाव धोंडो. धोंडो या नावाचा संबंध कुणी धोंड्याशी जोडतात, तर कुणी ढुंढिराज गणपतीशी. पण १८५८ साली जन्मलेले अण्णासाहेब १९६२ साली, वयाच्या एकशे चौथ्या वर्षानंतर निवर्तले, हे पाहता त्यांच्या बाबतीत तरी धोंड्याने आपले काम चोख बजावले असे म्हणावयास हरकत नाही. भिकन हे नाव खानदेशात हिंदूंप्रमाणेच मुसलमानांच्या घरीही आढळते. आणि ही तीट मुलींनाही लागे. हैदराबाद मुक्तिसंग्रामात लढलेल्या मराठवाड्यातील दगडाबाई शेळके यांचे नाव याच कुळातले. जी मुलगी जगावी असे वाटते, तिलाच दगडाबाई म्हणतात, हे ध्यानात ठेवावे. त्याचे कारण पुढे येईल.

नाव कसे असावे याचे नियम आपल्या गृह्यसूत्रांनी फार पूर्वीच घालून दिले. पारस्कर गृह्यसूत्र म्हणते की, मुलाचे नाव दोन किंवा चार अक्षरांचे असावे, आरंभी घोषवर्ण असावा, मध्ये अंतस्थ वर्ण असावा. परंतु नियम मोडणारी नावेही तितकीच जुनी आहेत. ऐतरेय ब्राह्मणात अजीगर्त ऋषीच्या तीन पुत्रांची कथा आहे. त्यांची नावे शुनःपुच्छ, शुनःशेप आणि शुनोलाङ्गूल. तिन्ही नावांत शेपटी आहे आणि तीही कुत्र्याची! ऋषीच्या घरातले हे नामकरण पाहिले म्हणजे आपला कचरू फारसा एकाकी वाटत नाही.

नामसिद्धि जातकातली गोष्ट तर याहून बोधप्रद आहे. पापक नावाच्या एका शिष्याला आपल्या नावाची लाज वाटे. गुरूने त्याला सांगितले, 'गावोगाव हिंड आणि तुला आवडेल ते नाव शोधून आण.' तो निघाला. वाटेत एक प्रेतयात्रा दिसली. मेलेल्याचे नाव जीवक. पुढे एका दासीला मजुरी न आणल्याबद्दल मार पडत होता. तिचे नाव धनपाली. आणखी पुढे रस्ता चुकलेला एक वाटसरू भेटला. त्याचे नाव पंथक. पापक परत आला आणि आपल्या नावावर समाधान मानून राहिला.

ही रीत एकट्या भारताची नाही. चीनमध्ये 'कुत्र्याने खाऊन उरलेला' अशा अर्थाचे नाव लाडक्या मुलाला ठेवीत. मंगोलियात 'नेरगुई' म्हणजे बिननावाचा आणि 'हुनबिश' म्हणजे माणूस नव्हे, अशी नावे आहेत. व्हिएतनामच्या खेड्यांतून मुलाला लहानपणी मुद्दाम ओबडधोबड, कुरूप नावाने हाक मारीत, की ते ऐकून दुष्ट शक्तींनी त्याच्याकडे पाहूही नये. खरे, सुंदर अर्थाचे नाव मागाहून शाळेत घालताना पुढे येई. तिकडच्या आईला घरचे नाव सोडून देता आले. आपल्या भिकाच्या आईने मात्र तेच दप्तरी नोंदविले. पण काळीज दोघींचे एकच.

ही नावे आता दुर्मीळ होत आहेत, त्याचे कारण केवळ फॅशन नव्हे. विसाव्या शतकाच्या आरंभी आपल्या देशात नोंदलेल्या दर हजार जन्मांमागे दोनशेहून अधिक बालके वर्षाच्या आत मरत. म्हणजे पाचांत एक. १८९६ पासूनचा प्लेग, गुजरातेत ज्याला छप्पनियो म्हणतात तो १८९९-१९०० चा दुष्काळ, १९१८ चा इन्फ्लुएंझा, या सर्वांतून जे घर गेले त्या घराने मुलाचे नाव भिका ठेवले तर नवल काय? आज तो आकडा हजारी तीसच्या खाली आला आहे. देवीची लस, स्वच्छ पाणी, सुईण आणि परिचारिका यांनी दैवाशी करावयाचा तो जुना लपंडाव अनावश्यक केला. आर्यन हे नाव निर्धास्तपणे ठेवता येते, याचे श्रेय त्यांना आहे.

परंतु श्रोतेहो, येथे एक सावधगिरी बाळगली पाहिजे. प्रत्येक हीन नाव हे तीट नव्हे. मनुस्मृतीच्या दुसऱ्या अध्यायात ब्राह्मणाचे नाव मंगल, क्षत्रियाचे बलवाचक, वैश्याचे धनवाचक आणि शूद्राचे जुगुप्सित असावे असे सांगितले आहे. म्हणजे तेच कचरू आणि तेच धोंड्या एखाद्या घरी आईच्या भीतीने आले, तर दुसऱ्या घरी समाजाच्या हुकमाने आले. दया पवार यांच्या 'बलुतं' या १९७८ साली प्रसिद्ध झालेल्या आत्मकथनात लेखकाचा संवाद आपल्याच मूळ नावाशी, दगडू मारुती पवार याच्याशी, चालतो. ते नाव मागे टाकूनही सोबत चालत राहते. ज्याच्यावर नाव लादले गेले त्याने राजपत्रात जाहीर करून ते बदलले, तर त्याला कुळाचा विसर पडला असे कुणी म्हणू नये.

आणि याहूनही क्लेशकारक नाव आहे नकुशी. नकोशी, नकुसा अशीही त्याची रूपे आहेत. मुलीमागून मुलगी झाली की पुढच्या मुलीला हे नाव देत, या आशेने की आता तरी मुलगा होईल. चीनमध्येही 'धाकटा भाऊ घेऊन ये' अशा अर्थाची नावे मुलींना देत आले आहेत. २२ ऑक्टोबर २०११ रोजी सातारा येथे झालेल्या एका समारंभात जिल्ह्यातील २८५ मुलींनी हे नाव टाकून नवे नाव घेतले. कुणी चित्रतारकेचे ऐश्वर्या घेतले, कुणी सावित्री, कुणी वैशाली. त्याच वर्षीच्या जनगणनेत महाराष्ट्रात सहा वर्षांपर्यंतच्या दर हजार मुलग्यांमागे मुलींची संख्या नऊशेच्याही खाली होती. नाव आणि आकडा, दोन्ही एकच गोष्ट सांगत होते.

वरवर पाहता भिका आणि नकुशी ही सख्खी भावंडे वाटतात. दोघांनाही हलके म्हटले आहे. पण भिकाची आई जगाला खोटे सांगत होती की हे मूल मला नको. नकुशीच्या घरचे तेच खरे सांगत होते. मूल गमावण्याच्या भीतीने जे नाव ठेवले ती तीट, आणि मूल आले याच्या दुःखाने जे ठेवले तो डाग. तीट जपून ठेवली तरी चालते. डाग मात्र धुतलाच पाहिजे, आणि तो ज्यांनी लावला त्यांनी धुतला पाहिजे.

म्हणून बमरोलीच्या त्या नातवाला एवढेच सांगावेसे वाटते. तुझ्या आजोबांचे नाव कचेरीत वाचले गेले तर मान खाली घालू नकोस. घरी जाऊन विचार, की आजोबांच्या आधी त्या घरात किती पाळणे हलले आणि किती थांबले. आजोबांना भीक म्हणून कुणी हिणवले नव्हते. त्यांच्या आईने पाच दारी पदर पसरला होता आणि जे मागितले ते तिला मिळाले होते. त्यांचे नाव ही त्या दानाची पावती आहे.